वाऱ्याला हुकूम देणारी भाषा घडवताना आधी थांबवणारा ध्वनी ठरवा

कथेसाठी, खेळासाठी किंवा नुसत्या हौसेसाठी अशी भाषा रचायला बसलं की पहिला मोह होतो तो वादळाचा शब्द शोधण्याचा. दोनचार जोडाक्षरं आणि एक लांब हुंकार घेतला की शब्द भारदस्त वाटतो. पण ज्या भाषेतून वारा सुटतो, तिच्यात सर्वांत जास्त वेळा लागणारा शब्द ‘थांब’ हाच असतो. तो शेवटी जोडला तर उरलेली भाषा त्याच्याशी भांडते, कारण सोपे ध्वनी तोवर दुसऱ्या कामांना वाटून झालेले असतात. म्हणून सुरुवात थांबण्यापासून करायची.

ध्वनी मनाला येईल तसे वाटू नका. तोंडातून निघणारा प्रत्येक उच्चार हा मुळातच एक छोटा वारा असतो. तो कसा अडतो, कसा सुटतो, किती रुंद होतो, हे पाहून त्याला काम द्यायचं. वाचकाला नियम पाठ करावे लागत नाहीत, त्याच्या जिभेला ते आधीच ठाऊक असतात.

पट्टी धरून ध्वनी तपासा

पातळ कागदाची 2 सेंटिमीटर रुंद आणि 15 सेंटिमीटर लांब पट्टी कापा. वरचं टोक चिमटीत धरून ती ओठांपासून 5 सेंटिमीटरवर लोंबती ठेवा आणि एकेक अक्षर म्हणा. ‘प’ला पट्टी जेमतेम हलते. ‘फ’ ओठ मिटून नीट म्हटला तर पट्टी लाथ मारल्यासारखी उडते. ओठ न मिटता, दात खालच्या ओठाला टेकवून म्हटला तर ती उडत नाही, नुसती थरथरते. मराठी बोलणारे दोन्ही ‘फ’ वापरतात, तेव्हा तुमच्या भाषेत कोणता हे आत्ताच लिहून ठेवा. या लेखात ओठ मिटलेला धरला आहे.

‘म्’ म्हणताना पट्टी स्थिर राहते. नाकाखाली बोट धरलं तर तिथे उबदार हवा लागते. तोंडाचं दार मात्र पूर्ण बंद असतं. हाच आपला थांबवणारा ध्वनी. दोन्ही ओठ मिटले की वारा थांबला, यापेक्षा सरळ अर्थ दुसऱ्या कुठल्याही अक्षराला देता येणार नाही.

आता तळहात तोंडासमोर धरून आधी ‘हा’ करून श्वास सोडा, मग ओठांचा चंबू करून फुंका. आतली हवा तीच, पण पहिली ऊबदार, रुंद आणि संथ लागते, दुसरी गार आणि वेगवान. अरुंद फटीतून निघालेला झोत आजूबाजूची हवा सोबत ओढून घेतो म्हणून तो गार लागतो. स्वरांचं काम इथेच ठरतं. ‘आ’ म्हणजे रुंद वारा, ‘उ’ म्हणजे गोळा केलेला झोत, आणि ‘इ’ म्हणजे चिरेतून जाणारी पातळ रेघ.

वीस ध्वनी पुरतात

व्यंजनं 14 घ्या: प, फ, त, थ, क, ख, स, ह, म, न, ल, र, ॿ, ॾ. स्वर 6: अ, आ, इ, ई, उ, ऊ. बस. जास्त घेतले की दोन शब्दांतलं अंतर कमी होतं, आणि इथे चुकून ऐकलेला शब्द म्हणजे चुकीचा वारा.

उच्चारस्थानाला अंतराचं काम द्या. ओठ बाहेरच्या हवेला सर्वांत जवळ, म्हणून प आणि फ दहा पावलांच्या आतल्या वाऱ्यासाठी. दातांशी होणारे त आणि थ शंभर पावलांपर्यंत. कंठातले क आणि ख त्यापलीकडे, नजर पोचेल तिथवर. अल्पप्राण (प, त, क) म्हणजे साधा जोर, महाप्राण (फ, थ, ख) म्हणजे एक पायरी वर. पट्टीने हेच दाखवलं होतं.

ॿ आणि ॾ ही सिंधीतली अक्षरं आहेत. तोंड बंद ठेवून स्वरयंत्र खाली ओढायचं, आतला दाब कमी होतो, आणि बंद सुटताना हवा किंचित आत येते. जांभई देताना गळा जसा खाली जातो तसा नेऊन ‘ब’ म्हणून पाहा. या दोघांना वारा स्वतःकडे ओढण्याचं काम द्या. सिंधीत कंठातलाही असा ध्वनी आहे, ॻ, पण तो मुद्दाम सोडलेला बरा. जिभेच्या मागच्या भागाने बंद केल्यावर गळ्याकडे जागाच थोडी उरते, म्हणून जगातल्या भाषांत तो या दोघांपेक्षा दुर्मीळ आहे. तो गाळला की लांबचा वारा ओढता येत नाही, फक्त ढकलता येतो. या एका मर्यादेतून कथेला पुष्कळ खाद्य मिळतं. फाँटमध्ये ही अक्षरं नसतील तर ‘ब’ आणि ‘ड’खाली रेघ मारून काम भागवा.

‘ब’ आणि ‘द’ यादीत नाहीत, हेही मुद्दाम. सर्दीने नाक बंद झालं की ‘म’चा ‘ब’ होतो आणि ‘न’चा ‘द’. ‘ब’ला काही अर्थ दिला असता, तर सर्दी झालेला माणूस ‘थांब’ म्हणायला गेला असता आणि भलताच वारा सुटला असता. ‘ब’ अर्थहीन ठेवला की फार तर वारा थांबणार नाही, नवा उठणार नाही. एका ध्वनीच्या बिघाडातून दुसरा चालू शब्द तयार होत नाही ना, ही तपासणी 14 व्यंजनांपैकी प्रत्येकाची करा. दात पडलेल्याचा ‘स’, थंडीने बधिर ओठांचा ‘प’, धापा टाकणाऱ्याचा ‘क’ जो ‘ख’ होतो. शेवटच्या बाबतीत वारा एक पायरी जास्त सुटतो. ती चूक भाषेत राहू द्या, धाप लागलेल्या माणसाकडून तशी चूक होणं खरंच वाटतं.

मूळ शब्द

मूळ तीन तुकड्यांचं असतं: सुरुवातीचं व्यंजन, मधला स्वर, शेवटचं बंद व्यंजन. शेवटी तिघांपैकीच एक येतं. ‘स्’ म्हणजे सरळ सलग वारा. ‘ल्’ म्हणजे अडथळ्याच्या दोन्ही अंगांनी फुटून जाणारा, कारण ‘ल’ म्हणताना जिभेचा शेंडा मध्ये अडतो आणि हवा बाजूंनी निघते. ‘र्’ म्हणजे गरगरणारा, वावटळीचा.

स्वराची लांबी वारा कसा सुरू होतो ते सांगते. ऱ्हस्व म्हणजे झटक्यात, दीर्घ म्हणजे हळूहळू चढत. ‘तस्’ म्हटलं की शंभर पावलांपर्यंतचा रुंद वारा एकदम आदळतो, ‘तास्’ म्हटलं की तोच दमाने येतो.

‘ह’ वेगळा ठेवा. तो म्हणताना जीभ किंवा ओठ काहीच अडवत नाहीत, नुसता श्वास असतो. म्हणून ‘ह’ने सुरू होणारी मुळं नवा वारा उठवत नाहीत, आधीच वाहणाऱ्या वाऱ्याला वळण देतात. ‘हिल्’ म्हणजे वाहत्या वाऱ्यात चीर पाडून तो दोन बाजूंना लावणं.

हिशेब असा: सुरुवातीला येणारी व्यंजनं 9 (प, फ, त, थ, क, ख, ह, ॿ, ॾ), स्वर 6, शेवट 3, म्हणजे 162 मुळं. म आणि न मुळात कधीच येत नाहीत, ते फक्त आवरायला.

वारा नेमका कधी निघतो? शेवटचं व्यंजन बंद झाल्यावर. त्याआधीचे उघडे अवयव, म्हणजे स्वरावर संपणारे उच्चार, नुसते साठतात, आणि नवा श्वास घेतला की पुसले जातात. हा नियम दिसतो किरकोळ, पण पुढचे अनेक पेच तोच सोडवतो. साधारण 6 ते 10 महिन्यांची बाळं ‘पपप’, ‘ममम’ असं बडबडू लागतात. ते सगळे उघडे अवयव, त्यांतून वारा निघत नाही. ‘र’ तर मुलांना बराच उशिरा साधतो, त्यामुळे वावटळ त्यांच्या हातीच लागत नाही. बोलताना अडखळणाऱ्या माणसाचा पहिला अवयव पुन्हा पुन्हा आला तरी एक श्वास घेऊन पाटी कोरी करता येते. अडखळणारी बरीच माणसं गाताना सलग म्हणतात, तेव्हा हुकूम चालीवर म्हणण्याची पद्धतही भाषेत असू द्या, आणि ती कमी दर्जाची मानू नका.

जोर कसा मोजायचा

‘मोठा वारा’, ‘भयंकर वारा’ असं लिहून भागत नाही. फ्रान्सिस ब्यूफोर्ट या ब्रिटिश नौदल अधिकाऱ्याने 1805 मध्ये वाऱ्याची जी श्रेणी मांडली, ती 0 ते 12 अशी आहे आणि डोळ्यांना दिसणाऱ्या खुणांवर चालते, म्हणून लेखनाला फार सोयीची. साधं मूळ, उदाहरणार्थ ‘पास्’, श्रेणी 2 वर बसवा: ताशी 6 ते 11 किलोमीटर, चेहऱ्याला झुळूक जाणवते, पानं सळसळतात. ‘फास्’ 3 वर: 12 ते 19, पानं आणि बारीक डहाळ्या सतत हलतात, हलका झेंडा पसरतो.

जोर वाढवायचा तर मूळ दोनदा म्हणावं, असं आधी सुचतं. मराठीत सळसळ, गरगर, भिरभिर आहेतच. पण इथे ते करू नका. ‘कुर्कुर्’ म्हटलं की वाचकाला कुरकूर आठवते, ‘किर्किर्’ला किरकीर. मुळं उघडी ठेवून दुप्पट केली तर आणखी पंचाईत: काका, पापा. वादळ आणायला कुणी ‘काका’ म्हणाला की प्रसंग तिथेच संपला.

त्यापेक्षा संस्कृत धातूंचा ‘अभ्यास’ घ्या, म्हणजे धातूचं पहिलं अक्षर दुबार म्हणण्याची व्याकरणातली रीत. ‘दा’चं ‘ददाति’, ‘धा’चं ‘दधाति’ होतं. पहिलं व्यंजन ‘अ’ लावून आधी एकदा म्हणायचं आणि ते महाप्राण असेल तर अल्पप्राण करायचं. ‘पास्’चं ‘पपास्’, ‘थास्’चं ‘तथास्’, ‘कुर्’चं ‘ककुर्’. लागोपाठ दोन महाप्राण म्हणायला श्वास फार खर्च होतो, म्हणून पहिला सौम्य झालेला जिभेला सोयीचा पडतो. प्रत्येक अभ्यासाने श्रेणी दोनाने चढते. ‘पपास्’ 4 वर: 20 ते 28 किलोमीटर, धूळ आणि सुटे कागद उडतात. ‘पपपास्’ 6 वर: 39 ते 49, मोठ्या फांद्या हलतात, तारा शीळ घालतात, छत्री धरणं अवघड. ‘पपपपास्’ 8 वर: 62 ते 74, डहाळ्या मोडतात, वाऱ्यासमोर चालवत नाही. तीन अभ्यासांवर थांबा. चौथा मान्य केला की श्रेणीला वरचं टोकच उरत नाही.

पायऱ्या दिसतात सारख्या, पण त्यांचा परिणाम सारखा वाढत नाही. वाऱ्याचा दाब वेगाच्या वर्गाने वाढतो आणि त्याची शक्ती घनाने. ताशी 20 किलोमीटरचा वारा 40 वर गेला तर दाब चौपट, शक्ती आठपट. दोन चौरस मीटरच्या दारातून ताशी 20 किलोमीटरने वारा गेला तर दर सेकंदाला सुमारे 13 किलो हवा सरकते, कारण समुद्रसपाटीला एक घनमीटर हवा साधारण 1.2 किलो भरते. एवढी हवा कुठून तरी यायला हवी. समोर ढकललेल्या वाऱ्याच्या जागी मागून आणि बाजूंनी हवा धावत येणारच. बोलणाऱ्याच्या पाठीमागे ठेवलेला दिवा विझतो, मागचे पडदे त्याच्या अंगावर येतात, हे लिहायला विसरू नका.

माणसाच्या साध्या बोलण्यातली ध्वनिशक्ती एका वॅटच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी असते, म्हणजे वाऱ्याला लागणारी शक्ती आवाजातून येऊ शकत नाही. ती भोवतीच्या हवेतून उसनी घ्या. मग वारा पूर्ण पडलेल्या दिवशी प्रत्येक हुकूम एक श्रेणी खाली उतरतो. आवाजाच्या चढउताराला मात्र जोराशी जोडू नका. घाबरलेला माणूस ओरडतो, आणि ओरडण्याने वारा वाढत असेल तर प्रत्येक भांडण वादळात संपेल. दोन प्रकरणांत ते कंटाळवाणं होतं.

मर्यादा आधी, जोर मागून

मराठी वाक्याचं क्रियापद शेवटी येतं, तोवर ऐकणारा थांबतो. वारा थांबत नाही. मूळ बंद झालं की तो निघाला. त्यामुळे किती वेळ वाहायचं हे मुळाच्या आधीच सांगून झालेलं हवं. त्यासाठी ‘न’चे तीन शब्द पुरतात: ‘नि’ म्हणजे एका श्वासापुरता, ‘नु’ म्हणजे दहा श्वास, ‘ना’ म्हणजे मी ‘म्’ म्हणेपर्यंत. एका श्वासात माणूस स्वर साधारण 15 ते 25 सेकंद लांबवू शकतो, तेच माप ‘नि’ला धरा.

मर्यादा सांगायची राहिली तर? वारा कायम वाहत राहतो असा नियम नाट्यमय आहे, पण तो घेतला तर त्या जगात एकही गाव उभं राहू शकत नाही. मर्यादा नसलेलं मूळ एका टाळीइतकाच वेळ चालावं. विसरभोळेपणाची शिक्षा म्हणजे काम न होणं, एवढीच असू द्या.

दिशेला शब्दच देऊ नका. वारा बोलणाऱ्याच्या तोंडासमोर जातो किंवा तोंडाकडे येतो. डावीकडे हवा असेल तर अंग वळवायचं. तोंड दोन्ही बाजूंना सारखंच असल्याने डाव्या-उजव्यासाठी नैसर्गिक ध्वनी मिळत नाही, ओढूनताणून दिलेला लक्षात राहत नाही. ऑस्ट्रेलियातल्या गुगु यिमिथिर भाषेत डावं-उजवं न म्हणता मुख्य दिशांवरून जागा सांगतात. तो मार्ग घेता येतो, पण मग वाऱ्याला नाव तो ज्या दिशेकडून येतो तिचं देतात हे लक्षात ठेवावं लागतं. ‘पश्चिम’ म्हणजे पश्चिमेकडून की पश्चिमेकडे, हा घोळ प्रत्येक पानावर सतावतो.

मग रोजचं बोलणं कसं?

अशी भाषा बोलणारी माणसं भाजी कशी मागतात, याचं उत्तर नसेल तर भाषा अर्धीच आहे. उपाय कुजबुजीचा आहे. कुजबुजताना स्वरतंतू कंप पावत नाहीत. वारा फक्त कंप पावणारा स्वर ऐकतो, असं ठरवा. मग साधं बोलणं कुजबुजीत आणि हुकूम खुल्या आवाजात. कुजबुजीत घोष-अघोष भेद, म्हणजे व्यंजनात स्वरतंतूंचा कंप असण्या-नसण्याचा फरक, जवळजवळ मिटतो, ‘ग’ आणि ‘क’ सारखेच लागतात. म्हणून रोजच्या शब्दांत असा भेद महत्त्वाचा ठेवू नका. अल्पप्राण-महाप्राण भेद मात्र टिकतो, तो खुशाल वापरा. लांबच्या माणसाशी बोलायला शीळ आहे. कॅनरी बेटांतल्या ला गोमेरावर शिट्टीची भाषा दऱ्या ओलांडून संदेश नेते; युनेस्कोने 2009 मध्ये तिची नोंद वारसा म्हणून केली. शिट्टीलाही स्वरतंतूंचा कंप लागत नाही, म्हणजे आपल्या नियमात ती सुरक्षित बसते.

एक हुकूम जवळून: धान्य उफणणं

मळणी झालेलं धान्य उफणायचं आहे. लागतो तो सलग, रुंद, बेताचा वारा. आधी अंगाने अशी जागा घ्या की भूस जिकडे जायला हवं तिकडे तोंड राहील आणि मागे मोकळी हवा असेल. पाठीला भिंत असेल तर मागून हवा भरत नाही आणि झोत अडखळतो. श्वास घ्या. ‘नु’ म्हणा, दहा श्वासांची हद्द. त्याच श्वासात ‘पास्’. ‘स्’ बंद झाल्यावर झुळूक हळूहळू चढते, तोवर सूप वर उचला. धान्य पायाशी पडतं, भूस दोनतीन पावलं पुढे जाऊन बसतं.

‘पस्’ म्हटलं तर वारा झटक्यात येतो आणि पहिलं सूप उधळतं. ‘फास्’ म्हटलं तर हलके दाणेही भुसात जातात. ‘पार्’ म्हटलं तर वारा गरगरतो आणि भूस डोळ्यांत परत येतं. शिकणाऱ्याचा ‘स्’ ढिला पडून जीभ थरथरली तर हेच होतं, म्हणून सरावात ‘पास्’ आणि ‘पार्’ आलटून पालटून म्हणवून घ्यावेत.

दोघांनी काम करायचं असेल तर उभं राहण्याची जागा महत्त्वाची. वाऱ्याच्या दिशेने गेलेला आवाज जमिनीकडे वाकतो आणि लांबवर ऐकू येतो. वाऱ्याविरुद्ध गेलेला वर उचलला जातो आणि थोड्याच अंतरावर हरवतो. ढकलणाऱ्या हुकमात पुढे उभ्या असलेल्याला सगळं ऐकू येतं, मागच्याला काही नाही. ओढणाऱ्या हुकमात उलट. शिवाय वाऱ्याचा घोंघाट मुख्यतः खालच्या पट्टीतला असतो आणि ‘म्’ही तसाच, त्यामुळे नेमका थांबवणारा ध्वनी माणसांना सर्वांत कमी ऐकू येतो. वारा तो बोलणाऱ्याच्या ओठांशीच ऐकतो, पण सोबत्याला कळावं म्हणून ‘म्’बरोबर तळहात छातीवर टेकवण्याची खूण ठेवा.

भाषा कागदावर झाली की 12 हुकूम निवडून दुसऱ्या कुणाला तरी वाचायला द्या. पंखा पूर्ण वेगात लावा, त्याला पंख्याच्या पलीकडे उभं करा आणि ऐकलेलं लिहून काढा. प-त, त-क आणि अल्पप्राण-महाप्राण या जोड्यांत घोटाळे होतील. ज्या जोडीची गफलत दोनपेक्षा जास्त वेळा झाली, तिच्यातलं एक मूळ वापरातून काढा. 162 मधून साठ-सत्तर उरली तरी रोजच्या कामाला भरपूर होतात. आणि ‘म्’ची चाचणी वेगळी घ्या: नाक चिमटीत धरून म्हणायला लावा.